हात लावील त्याला

सोपानने पहिल्याच दणक्यात मालनकाकीच्या भज्यांच्या गाड्याची काच फोडली, पण तिला बोटही लावलं नाही. सगळ्यांच्या मानेत चकती बसवल्यापासून गुंडसुद्धा जपून वागत. ज्याला हात लावावा त्याच्या वेदना आपल्याच अंगात उतरत, त्यामुळे ते माणसं सोडून सामान फोडत.

"काकी, बाजूला व्हा. ही जागा आता शेठची आहे."

"घाणा निघू दे," काकी म्हणाली आणि भजी हलवत राहिली.

सोपानच्या साथीदारांनी पिठाचं पातेलं रस्त्यावर उपडं केलं. तरीही ती हलेना, तेव्हा सोपानने तिचं उजवं मनगट अलगद धरलं आणि तिला ओढू लागला.

काकीने डावा हात उकळत्या तेलात घातला.

दोघंही एकदमच किंचाळले. सोपानची बोटं अशी आकडली की धरलेलं मनगट त्याला सोडता येईना. काकीनेही हात बाहेर काढला नाही. तो बेशुद्ध होऊन कोसळला, तेव्हाच तिने काढला. साथीदार त्याला तिथेच टाकून पळाले.

मग काकीही खाली बसली. हाताची कातडी सुटली होती. कुणी पाणी आणलं, कुणी रिक्षा थांबवली, पण तिला उचलायला कुणी धजेना.

शेजारी उसाच्या रसाचं गुऱ्हाळ चालवणाऱ्या हनीफने फडक्याचा बोळा दातांत धरला आणि तिला उचलून घेतलं. दवाखाना येईपर्यंत तो रिक्षात गुरासारखा ओरडत होता, पण त्याने तिला सोडलं नाही.