राखणदाराची रम

“बाटली खंय ठेवलंस गो?” महादूने सुनेला विचारलं.

समीक्षाच्या हातात रवी होती. समोरच्या मोठ्या टोपात ती पिवळंधमक काहीतरी घुसळत होती. अननसाचा रस, हापूसचा गर, नारळाचं दाट दूध, लिंबू, वर किसलेलं जायफळ. आणि रम. अख्खी बाटली.

“खंयची बाटली, बाबा?”

“राखणीची! ओमकारान काल हाडलेली ती.”

समीक्षाने टोपाकडे पाहिलं. महादूनेही पाहिलं, आणि तो होता तिथेच मटकन खाली बसला.

चूक खरी ओमकारची. बापाने राखणीसाठी रम सांगितली, बायकोने कॉकटेलसाठी सांगितली, आणि हा शहाणा मालवणातून एकच बाटली घेऊन आला. वर दोघांनाही ‘हाडलंय’ म्हणून सांगून मोकळा झाला. आता तो विहिरीवर उगाचच पुन्हा पुन्हा तोंड धूत होता.

माडांच्या बागेत समुद्राकडच्या कोपऱ्यात एक काळा दगड होता. तोच या बागेचा राखणदार. पावसाळ्याआधी दरवर्षी त्याला कोंबड्याची आणि दारूची राखण द्यायची, आणि घरात काही नवं करायचं असेल तर त्याचा कौल घ्यायचा. दगडाला दोन ओल्या पाकळ्या चिकटवायच्या. उजवी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. समीक्षाला बागेत पर्यटकांसाठी दोन खोल्या बांधायच्या होत्या. खोल्या झाल्या की ओमकार गोव्यातली हॉटेलची नोकरी सोडून घरी येणार होता. नवरा महिन्यातून दोन दिवस दिसतो, याला काय संसार म्हणायचं? पण गेली दोन वर्षं डावीच पाकळी पडत होती, आणि कौल मोडून बागेत वीट ठेवायची महादूची छाती नव्हती. यंदा राखणीला येणाऱ्या भाऊबंदांना आपल्या हातची चव दाखवावी, निदान ते तरी आपल्या बाजूने बोलतील, एवढाच तिचा बेत होता. त्यासाठी तिने देवाचीच रम वापरली होती.

“झाला! खोले गेले खड्ड्यात,” महादू म्हणाला. “आता देव माका बागेत तरी ठेवता काय बघ. थंय घाडी येवन बसलो आसा.”

समीक्षाच्या डोळ्यांत पाणी आलं. मथुरा, तिची सासू, चुलीपाशी बसून हे सगळं ऐकत होती. ती सहसा बोलत नसे. ती उठली, टोपात पळी बुडवली, चाखलं. पुन्हा एकदा चाखलं. मग पदराने तोंड पुसून तिने टोप उचलला.

“दारू आसा मा हेच्यात? मग चला.”

शिवा घाडी, म्हणजे देवाला गाऱ्हाणं घालणारा, दगडासमोर मांडी घालून बसला होता. त्याच्या हातांना कंप सुटल्यापासून दगड धुवायचं आणि पाकळ्या लावायचं काम मथुराकडे आलं होतं. तिने ते उरकलं आणि ती मागे सरली. शिवाने टोपात डोकावून नाक मुरडलं, पण वेळ निभावून न्यायला हवी होती.

“बा म्हाराजा! वर्साक तुका बाटली दितत, आज टोप हाडलो आसा. सुनेच्या हातून चूक झाली, ती पोटात घाल. दोन खोले बांधूचे म्हणतत, तेचो काय ता हुकूम दे!”

“व्हय म्हाराजा!” भाऊबंदांनी आवाज दिला.

पहिली वाटी दगडावर गेली. दुसरी शिवाने प्रसाद म्हणून तोंडाला लावली. तो थांबला. त्याने वाटीत पाहिलं, दगडाकडे पाहिलं, आणि तिसरीही स्वतःच घेतली. मग भाऊबंद पुढे सरकले. बिचाऱ्या राखणदाराच्या वाट्याला त्यानंतर थेंब आला नाही.

समीक्षा फणसाखाली उभी होती. तिला ना प्रसादाचं सोयर होतं ना गाऱ्हाण्याचं सुतक. तिची नजर त्या दोन पाकळ्यांवर खिळली होती. वारा आला. उजवी पाकळी थरथरली, सुटली आणि खाली पडली.

“देव खूश झालो!” शिवा घाडी गरजला. “फुडल्या वर्सापासून तेका ह्याच व्हया म्हणता!”

ओमकारला काय करावं सुचेना. तो आधी घाडीच्या पाया पडला, मग दगडाच्या. महादू तर ज्याला त्याला सांगत सुटला, की देवाच्या मनात काय आहे ते आपल्या सुनेला आधीच कळलं होतं. मघाचं खड्ड्याचं बोलणं तो साफ विसरला होता.

समीक्षा धावतच स्वयंपाकघरात आली. मथुरा रिकामा टोप बोटाने पुसून चाटत होती. समीक्षाने तिला मिठीच मारली.

“आई, देवान आयकल्यान माझा!”

मथुराने तिला हळूच बाजूला केलं.

“भायल्यांची खरकटी काढण्यात तुझो जल्म जायत, म्हणान माका ते खोले नको होते,” ती म्हणाली. “पण जेका ह्या असला करूक येता, तेका खरकटी काढूक कोण लावतलो?”

“म्हणजे?”

मथुराने दाराबाहेर पाहिलं. पुरुष अजून बागेतच होते.

“दोन वर्सां उजवे पाकळेक मी पेज लावलंय, म्हणान ती पडाक नाय. यंदा डावेक लावलंय.”