जहाज बंदराला लागलं तेव्हा

लेखकाच्या आईचा पहिला नवरा नौदलात होता. त्याचं जहाज युद्धात बुडालं, आणि काही वर्षांनी तिने दुसरं लग्न केलं. त्या लग्नाचा हा एकुलता एक मुलगा. आता त्याने कादंबरी लिहायला घेतली होती. युद्ध तेच, फक्त त्यात आपलं आरमार जिंकतं.

आईला दिसायचं कमी. म्हणून रोजचं लिखाण तो संध्याकाळी तिला वाचून दाखवी. एरवी ती डुलक्या काढायची. पण ते जहाज सुखरूप बंदराला लागलं, त्या पानाला ती ताठ बसली.

"बरं केलंस रे."

दुसऱ्या दिवशी न्हाणीघरात दाढीचा ब्रश ओला होता. लेखकाची दाढी तर छातीपर्यंत रुळत होती.

"कोण आलं होतं?"

"कोण येणार?" आई म्हणाली, आणि गालातल्या गालात हसली.

कुठेतरी पाणी मुरत होतं. भिंतीवर वारलेल्या वडिलांचा फोटो असे, तिथे आता नुसता खिळा होता. त्याने विचारलं, तर म्हणाली, "कुणाच्या वडिलांचा?"

शेवटचं प्रकरण छापखान्यात देऊन तो भरदुपारी परतला. किल्ली कुलपात फिरेना. त्याने बेल वाजवली. साखळी न काढता आईने दार किलकिलं केलं, आणि चष्मा न लावताच त्याला नखशिखांत न्याहाळलं.

"कोण हवंय आपल्याला?"

आतून पुरुषाचा आवाज आला, "कोण आहे गं?"

"कुणी नाही हो," ती म्हणाली. "घर चुकलेत."