राखेतली पावलं

येस्क गावात वर्षभरात वारलेली माणसं राखेच्या सणाला एकदाच घरी येतात. दिसत नाहीत; वाटांवर पसरलेल्या राखेत नुसती पावलं उमटतात. ती घरात आली की घरच्यांनी एकच वाक्य बोलायचं. तेवढंच त्यांना ऐकू जातं.

आईच्या शेवटच्या आजारपणात इल्वा तिच्यावर फार खेकसली होती. तिला माफी मागायची होती. पहाटेपासून ती अंगणात राख चाळत होती.

"किती पसरतेस गं? आई येणारे की वऱ्हाड?" शेजारच्या सोर्मा मावशी म्हणाल्या.

"तिला घर चुकायला नको, मावशी."

दुपारी धुकं उतरलं. आईची फरपटती पावलं फाटकापर्यंत आली, थबकली आणि टेकडीकडे वळली.

"तिकडे कुठे निघाली ही? वर तर नुसत्या पडक्या भिंती आहेत."

"तिचं माहेर होतं ते," म्हणत इल्वा मागोमाग धावली. चढावर पावलांची फरपट थांबली, मग पावलंच लहान लहान होत गेली.



पडक्या दाराशी ती पोहोचली, तेव्हा आत शिरलेलं पाऊल सहा वर्षांच्या पोरीचं होतं, आणि त्या पोरीला इल्वा नावाची मुलगी अजून झालेलीच नव्हती.