चिठ्ठ्यांची गंमत

स्मृतिविद्यालयाचा नियमच होता. देवळाबाहेर चपला काढाव्यात, तशा घरच्या अन् आजच्या सगळ्या आठवणी दाराशी बाटलीत काढायच्या, मगच वर्गात शिरायचं. संध्याकाळी आपलीच बाटली प्यायची. चुकून दुसऱ्याची प्यायलात, तर ती कायमची मुरली!

सकाळी वसंता घोणेनं स्वतःच्या अन् वर्गातल्या हिर्लेकरच्या रिकाम्या बाटलीवरच्या नावाच्या चिठ्ठ्या गुपचूप बदलल्या. 'प्यायच्या आधी सांगू. कसा टरकतो बघ!' असं स्वतःशीच म्हणत तो आठवणी काढायच्या मशीनखाली बसला, आणि हा बेतसुद्धा त्याच्या डोक्यातून बाटलीत उतरला.

संध्याकाळी त्यानं आपल्या नावाची बाटली गटागटा रिचवली. फाटकाशी एक पोरगी त्याच्या हाताला लोंबकळली.

"बाबा, किती उशीर!"

"कोणाची गं तू?"

पोरगी पांढरीफटक पडली. फाटकाच्या काचेत वसंताला दोघांची नाकं दिसली, अगदी एकसारखी. त्यानं आपलं नाक चाचपलं.

मागून हिर्लेकर आपल्या नावाची बाटली पिऊन धापा टाकत आला. "अरे घोणे, चिठ्ठ्या मीच बदलल्या रे! प्यायच्या आधी सांगणार होतो, आईशप्पथ!" मग रडत त्यानं पोरीपुढे हात पसरले. "चिमे, चल घरी."

वसंताला दया आली. त्यानं पोरीचा हात सोडवला अन् हिर्लेकरच्या हातात दिला.