निरोप्या म्हणजे काय?

"निरोप्या," पेंटरकाकांनी कार्ड हातभर लांब धरून वाचलं. "म्हणजे नक्की काय हो?"

झालं सुरू! पाहुण्याने खुर्चीत बूड टेकवलंही नव्हतं.

हा प्रश्न त्याच्या पाचवीलाच पुजला होता. बँकेतली बाई विचारायची, नवा शेजारी विचारायचा. सासऱ्यांनी तर वैतागून सगळ्या नातेवाइकांत जाहीर करून टाकलं होतं की जावई टपालखात्यात आहे. पोरीने शाळेत 'बाबा निरोप देतात' असं सांगितलं, तर तिच्या बाईंनी दहावीच्या निरोप समारंभाचं भाषण लिहून मागितलं. पदाचं नाव बदला म्हणून त्याने साहेबांच्या किती विनवण्या केल्या. "नाव बदलून काम बदलतं का?" एवढंच साहेब म्हणाले.

"ते सांगतो काका. आधी काकूंना बाहेर बोलवता का? दोघांशी बोलायचंय. तसा नियमच आहे."

"ती जेवतेय. आत्ताच पानावर बसलीय. आठवडाभर तापाने फणफणली होती, आज कुठे तोंडाला चव आलीय." काकांनी खुर्ची पुढे ओढली. "तोवर हे सांगा, हा शब्द आला कुठून?"

"कोण आलंय हो?" स्वयंपाकघरातून आवाज आला.

"पोराच्या कंपनीतला माणूस!"

"बढतीचं असणार! तो म्हणाला होताच. थांबा, आले मी."

"ताटावरून उठायचं नाही! सावकाश जेव. आमचं दुसरंच चाललंय."

निरोप्याने घड्याळाकडे पाहिलं. त्याला आजचा निरोप लवकर हातावेगळा करायचा होता, आणि नेमका आजच असा बोलघेवडा म्हातारा गाठ पडला होता. समोरच्या फळीवर डब्यांत ब्रश उभे करून ठेवले होते, खोलीभर टर्पेंटाइनचा वास होता.

"जन्मभर दारांवर लोकांचे हुद्दे रंगवले मी," काका म्हणाले. "एकदा एकाचं 'सहायक उपअधीक्षक' रंगवायचं होतं. दार अरुंद, हुद्दा लांब. शेवटी 'सहायक' भिंतीवर गेला. तर बोला, निरोप्या."

"जुनं पद आहे," निरोप्या घाईघाईने म्हणाला. "कंपनी डोंगरात बोगदे पाडते, ते तर तुम्हाला ठाऊकच आहे. पूर्वी फोन नव्हते. बोगद्याच्या तोंडाशी एक माणूस बसायचा. घरचा निरोप आत न्यायचा, आतला घरी पोचवायचा. तो निरोप्या. काका, आता काकूंना..."

"घरचे निरोप म्हणजे कसले?"

"कसलेही. पोरगा झाला, म्हैस व्याली, सासूबाई राहायला आल्या."

"तो शेवटचा ऐकून कोण बाहेर येत असेल!" काका मोठ्याने हसले. आतूनही हसण्याचा आवाज आला. निरोप्याला हसू आलं नाही.

"आणि निरोप म्हणजे सांगावाही आणि निघताना घेतात तोही," काका बोटं नाचवत म्हणाले. "एकाच शब्दाचे दोन अर्थ. तुमचा कुठला?"

"काका, मी शब्दकोश नाही हो!" त्याचा आवाज चढला. मग त्याला स्वतःचीच लाज वाटली. "माफ करा. पण मला खरंच बोलायचंय."

"बोलतोच आहोत की. पाणी हवंय?"

"नको."

"आता प्रत्येकाच्या खिशात फोन आहे. मग कंपनीने हे पद ठेवलंय कशाला?"

निरोप्याने पुन्हा घड्याळाकडे पाहिलं. या प्रश्नाचं उत्तर तो बायकोलाही कधी धड देत नसे. आतून वाटी सरकवल्याचा आवाज आला. काकू स्वतःशीच गुणगुणत होत्या.

"चालू राहिलंय," तो कसाबसा म्हणाला.

"असं कसं? कंपन्या फुकट कुणाला पोसत नाहीत."

आता मात्र त्याच्या डोक्यावरून पाणी गेलं. घरोघरी फिरून त्याने नाना तऱ्हेची माणसं पाहिली होती. कोणी दारातच अडवायचं, कोणी अंगावर धावून यायचं. पण असं शब्दांचं दळण दळत बसणारा माणूस त्याला पहिल्यांदाच भेटला होता. म्हाताऱ्याला कशाचाच पत्ता नव्हता, आणि पत्ता लागू द्यायची तयारीही नव्हती. थोडा वेळ आणखी बसलो तर आपला धीर सुटेल, हे त्याला कळून चुकलं.

तो ताडकन उठला. "मीच आत जाऊन काकूंशी बोलतो."

काकांनी त्याचं मनगट धरलं. म्हाताऱ्याची पकड अशी असेल असं त्याला वाटलं नव्हतं.

"बसा," काका हळू आवाजात म्हणाले. चेहऱ्यावरचं हसू तसंच होतं, डोळ्यांत मात्र ते नव्हतं.

"काका, सोडा. हे टाळून टळणारं नाही."

"अगं, अजून थोडा भात घे!" काकांनी आत हाक दिली.

"घेतलाय हो! आज कशी भूक लागलीय बघा!"

काका जवळ सरकले. त्यांचा आवाज आता जेमतेम ऐकू येत होता.

"कंपनीतल्या तुमच्या खोलीच्या दारावरची पाटी मीच रंगवलीय. अर्थ मी तेव्हाच विचारला होता. फाटकात तुम्हाला पाहिलं तेव्हाच समजलो, पोरगा गेला. उद्यापासून तिच्या घशाखाली घास उतरायचा नाही. एवढं ताट तिचं संपू द्या."