बेलूम डोंगराचा फेरा

बेलूम डोंगर दिसला तेव्हा म्हातारी इलवेन दगडावर बसून चपलेतला खडा काढत होती.

"आला! अगं, आला!" ओस्रेक ओरडला. डोंगर वाटेल तिकडे भरकटतात, त्यांना कसली आलीय ठरलेली वाट, असं म्हणत या ओस्रेकने जन्मभर भर सभेत तिची खिल्ली उडवली होती. डोंगरांच्या चालीचं गणित मांडणारी आमच्या खोऱ्यातली ती पहिलीच. आणि आज तिने सांगितलेल्या घळीतूनच बेलूम आपली गावं पाठीवर घेऊन संथपणे सरकत येत होता.

"जिंकलीस बाई! पैजेप्रमाणे उपट माझी दाढी."

"तुझ्या दाढीचं काय लोणचं घालू?" इलवेन म्हणाली, पण तिचं लक्ष नव्हतं. ती डोंगराची उगवतीकडची कड न्याहाळत होती. तिथे तिचं घर होतं. पोरवयात ती शिकायला म्हणून खाली उतरली आणि बेलूम पुढे निघून गेला. तेव्हापासूनची सगळी आकडेमोड एकाच गोष्टीसाठी होती, घर पुन्हा कधी जवळून जाईल ते कळावं म्हणून. लोकांनी त्याला शास्त्र म्हटलं, इतकंच.

डोंगर अगदी जवळून जाऊ लागला. कडेवर बायका ओळीने उभ्या राहिल्या आणि दोरांनी टोपल्या खाली सोडू लागल्या. एक टोपली इलवेनच्या पायाशी येऊन टेकली. आत जवाचे गोळे होते आणि आंबवलेला मुळा.

"बघत काय राहिलीस? बस की टोपलीत!" ओस्रेक म्हणाला. "ओढतील वर."

"मेलेल्या माणसाला कुणी वर ओढतं का रे? बेलूमवरून जो उतरला, तो आमच्यात मेला. हे पितरांचं जेवण आहे. माझं."



इलवेनने वर पाहिलं. दोर धरलेली बाई पिकल्या केसांची होती, पण मान तशीच डावीकडे कललेली.

"तेशी! मी आहे गं!"

बाईने खाली पाहिलं नाही. मेलेल्याने हाक मारली तर ओ द्यायची नसते. धाकट्या बहिणीला हे इलवेननेच शिकवलं होतं.

पण मेलेल्याशी बोलायला मनाई नव्हती. तेशी दोराकडे बघत बोलू लागली. "ताई, आई गेल्या हिवाळ्यात गेली. शेवटपर्यंत या कडेलाच बसायची. तुझी निजायची जागा आम्ही कुणाला दिली नाही."

इलवेन रडत होती. रडता रडता तिने एक गोळा तोंडात घातला.

"मीठ कमी पडलंय गं," ती वर तोंड करून म्हणाली.

तेशीने झटकन तोंड फिरवलं. हसली की रडली, खालून कळलं नाही.

बेलूम थांबणारा नव्हता. बाकीच्या बायकांनी आपापल्या टोपल्या वर ओढून घेतल्या. तेशीच्या शेजारची म्हातारी तिच्या टोपलीची वाट बघत उभी होती.

"आटप, तेशी. निरोपाचं म्हण."

"पोटभर जेव, ताई."

"पुढचं? परत येऊ नकोस म्हण."

डोंगर पुढे चालला होता आणि तेशी दोर सैल सोडत होती, म्हणून टोपली अजून इलवेनच्या पायाशीच होती.

"म्हण ना गं! त्याशिवाय मेलेलं माणूस जात नाही."

तेशीने दोराचं शेवटचं वेटोळं सोडलं आणि म्हातारीपुढे हात पसरला.

"काकी, तुमचा दोर द्या इकडे."