फुलीच्या जागी

लाकडी स्टँडवर खडूनं फुली मारलेली होती आणि बाबांना त्या फुलीला ‘पोरा’ म्हणायचं होतं.

बाबा म्हणजे पडद्यावरचे बाबा. साहेबांपेक्षा जेमतेम चार वर्षांनी मोठे, पण साहेब कायम हिरो आणि हे कायम त्यांचे वडील. मेकअपवाला सकाळी साहेबांचे केस काळे करायचा आणि त्याच हातानं बाबांचे पांढरे. खोकायचं, ‘सुखी राहा’ म्हणायचं आणि मध्यंतराच्या आत मरायचं, एवढंच बाबांच्या वाट्याला यायचं. ह्या सिनेमात मात्र लेखकाची मती फिरली होती. त्यानं बापाला शेवटपर्यंत जिवंत ठेवला आणि वर पानभर बोलायला दिलं. तेही क्लोजअपमध्ये. पडदाभर फक्त बाबांचा चेहरा.

साहेबांनी आपला क्लोजअप काल उरकून घेतला. तेव्हा बाबा कॅमेऱ्याशेजारी उभे राहून त्यांच्यासाठी एकेक वाक्य जीव तोडून म्हणत होते. आज बाबांची पाळी आली आणि साहेबांची कंबर धरली. कंबर कसली डोंबलाची! बापाच्या सीनमध्ये लोक आपल्याकडे बघणार नाहीत, हे दुखणं. साहेबांची गाडी केव्हाच गेली होती आणि त्यांच्या जागी फुलीचा स्टँड उभा होता. धंद्याची रीतच ती. मोठा माणूस निघून जातो आणि लहानानं लाकडाकडे बघून रडायचं असतं.

बाबा दोनदा रडले. दोन्ही वेळा खोटं, आणि ते त्यांना स्वतःलाच कळत होतं.

“बाबा,” दिग्दर्शक जवळ येऊन म्हणाला, “साहेबांचा ऐकतानाचा चेहरा आहे माझ्याकडे. आणखी एक टेक घेतो. नाही जमलं तर तुमचा नुसता आवाज घेऊन त्यांच्या चेहऱ्यावर टाकतो. वाईट वाटून घेऊ नका.”

“छे छे, वाईट कसलं त्यात!” बाबा म्हणाले. उभी हयात त्यांनी हेच म्हटलं होतं. पण हा चेहरा पडदाभर लावायची बुद्धी पुन्हा कुणाला होणार होती?

“काय रे, लाकूड दत्तक घेतलंस की काय?”

दारात इन्स्पेक्टर उभा होता. तोही नटच. वर्दीखेरीज दुसरा कपडा त्याला कुणी कधी दिला नाही, म्हणून ते नाव. कुठं बापाचं काम निघालं की हे दोघे एकाच दारात जाऊन बसायचे आणि बाहेर पडल्यावर एकमेकांच्या नावानं बोटं मोडायचे. हा बापही इन्स्पेक्टरनं मागितला होता. मिळाला बाबांना.

“तू कशाला आलास? मजा बघायला?”

“काडेपेटी मागायला. मजा फुकटात मिळाली.” इन्स्पेक्टरनं स्टँडकडे बघितलं, दिग्दर्शकाकडे बघितलं. “पळाला वाटतं चिरंजीव?”

त्यानं स्टँड उचलून बाजूला ठेवला आणि त्याच्या जागी स्वतः उभा राहिला. “घ्या हो. मी ऐकतो.”

“अरे, शेजारच्या सिनेमात तुझा शॉट...” बाबा म्हणाले.

“खुनी गाणं म्हणतोय अजून. ते संपलं की मी दारात येणार आणि एक वाक्य बोलणार. वेळ आहे. आणि हे बघ, माझ्यासमोर खोटं रडायचं नाही. पोलीस आहे मी.”

दिवे लागले. बाबा बोलू लागले. सुरुवातीला समोर एक जाडा माणूस होता, मिशी चिकटवलेला. मग त्यानं टोपी काढून काखेत धरली, आणि हात कुठं ठेवावेत ते त्याला कळेनासं झालं. खूप वर्षांनी घरी आलेल्या, दारातच अडलेल्या पोराला कळत नाही तसं. केलं काहीच नाही त्यानं. नुसतं ऐकलं.

“मी रागावलो नव्हतो, पोरा,” बाबा म्हणाले. “मी...”

पुढचा शब्द गेला. पार गेला. रीळ फिरत होतं.

इन्स्पेक्टरचे ओठ हलले. आवाज नाही, नुसते ओठ. भ्यालो.

“मी भ्यालो होतो.”

त्याच्या पुढचा शब्दही त्या ओठांवर तयार होता. त्याच्या पुढचाही. अख्खं पान. बाबांना एकदम उमगलं, आणि मग जे काही उरलं होतं ते त्यांनी पोराला सांगितलं नाही. ह्या माणसाला सांगितलं.

“कट! झालं, हेच ठेवायचं!” दिग्दर्शक धावत आला. “आणि मध्ये ते अडखळलात ना बाबा, काय जागा घेतलीत!”

बाबांचं लक्षच नव्हतं. “तू पाठ केलं होतंस,” ते इन्स्पेक्टरला म्हणाले.

“काम मागायला काय हात हलवत जातात?” इन्स्पेक्टर मिशी सांभाळत अंगठ्यानं डोळे पुसत होता. “मला दिलं असतं ना, तर ह्याहून जास्त रडवलं असतं मी.”

“रडवलं असतंस,” बाबा म्हणाले.

ह्याची त्याला सवय नव्हती. त्यानं घाईघाईनं टोपी चढवली. “पुरे. ह्या वयात चांगला वागायला लागू नकोस, मला झेपायचं नाही. चल, खुनी ताटकळलाय माझा.”

मेकअपवाला पावडर पुसायला आला. बाबांनी त्याला हातानंच थांबवलं आणि तसेच इन्स्पेक्टरच्या मागोमाग गेले.

शेजारच्या फ्लोअरवर, त्या दुसऱ्या सिनेमाच्या सेटवर, सगळे दिवे खुन्यावर होते. इन्स्पेक्टर मागच्या दारातून, अर्ध्या अंधारात, आत आला आणि म्हणाला, “चला, निघू या.” त्याच्याकडे कुणी बघत नव्हतं. बाबा कॅमेऱ्याला लागून, त्याला दिसतील असे उभे होते. त्यांनी ते वाक्य ऐकलं.

खुनी चुकला. “पुन्हा!” तिथला दिग्दर्शक ओरडला.

इन्स्पेक्टर दाराबाहेर गेला, परत आत आला. “चला, निघू या.”

बाबांनी ते पहिल्यांदाच ऐकावं तसं ऐकलं.